लाकडी गाडीचा उजवा खांदा

मी आयुष्यात एकदाच आलिशान गाडीत बसले, आणि ती लाकडाची होती. हसू नका. चार दारं, मागे सोफ्यासारखी सीट, खाली खरा गालिचा, वर काळा चकचकीत रंग. फक्त इंजिन नव्हतं आणि चाकांच्या जागी प्लायच्या गोल चकत्या होत्या. तुर्भ्याच्या एका पत्र्याच्या शेडमध्ये आम्ही अकरा माणसं तीन वर्षं त्या गाडीपाठी खपलो. ऐंशी सालानंतरची ती वर्षं. गाडी रस्त्यावर कधी आलीच नाही. लोक विचारतात, वाईट वाटलं असेल ना? मी म्हणते, छे, डोंबल! पण वाईट वाटायचं जे आहे ते वेगळंच आहे आणि ते मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही.

मी ट्रेसर होते. म्हणजे साहेबांनी पेन्सिलीनं काढलेलं चित्र शाईनं नीट गिरवायचं, मोजायचं, पुन्हा गिरवायचं. शेडमध्ये मी एकटी बाई. आमचं बिऱ्हाड दिघ्याला, दोन खोल्यांचं. नवरा तिथल्याच एका केमिकल कंपनीत होता आणि त्या कंपनीला टाळं लागून आठ महिने झाले होते. तो रोज सकाळी इस्त्रीचा शर्ट घालून गेटवर जायचा, टाळं बघायचा आणि परत यायचा. दोन मुलं शाळेत. घरात पगार एकच, माझा, आणि तोही टेंपररी. त्यात थोरल्याला कावीळ झाली. दुष्काळात तेरावा महिना म्हणतात तो हा.

तर गाडी. आमचे शेठ ट्रकच्या बॉड्या बांधायचे. त्यांच्या डोक्यात आलं की या देशात पैसेवाल्याला बसायला धड गाडी नाही. आहेत त्या दोन-तीन जुनाट, त्यांच्यासाठीसुद्धा नंबर लावून वर्षानुवर्षं थांबायचं. आपण आपली मोठी सलून गाडी काढायची, मंत्र्यासंत्र्यांनी आणि मोठ्या हॉटेलांनी रांग लावून घ्यावी अशी. त्यासाठी त्यांनी परदेशात शिकून आलेले एक साहेब आणले. साहेब शांत, गोरेगोमटे, चष्मा सारखा पुसणारे. पहिल्याच दिवशी ते म्हणाले, "लक्षात ठेवा, ही गाडी चालवणाऱ्याची नाही. मागे बसणाऱ्याची आहे."

आता आमच्यापैकी मागे कोण बसलंय? कुणी नाही! पुढे ड्रायव्हरशेजारीसुद्धा कुणी बसलेलं नव्हतं. मग विटांवर फळी टाकून आम्ही मागची सीट मांडली. शेठचं पोट कुठून आणायचं, म्हणून साहेब स्वतः पोटाला उशी बांधून बसायचे आणि मी पट्टीनं गुडघ्यापासून पुढच्या सीटपर्यंतचं अंतर मोजायचे. दाराचा उंबरठा साहेबांनी उंच काढला होता. मी नेसत्या पातळानं तीनदा चढून उतरून दाखवलं आणि म्हटलं, "साहेब, शेठाणीबाई यात पाय ठेवताना पडतील, आणि मग शेठ तुम्हाला पाडतील." उंबरठा दोन इंच खाली आला. त्या गाडीत माझं म्हणून काही असेल तर ते ते दोन इंच.

आणि मग मिस्त्री. मिस्त्री घणसोलीच्या बाजूच्या खाडीकाठच्या गावातला, आगरी, साठीला टेकलेला. बापजाद्यांपासून होड्या बांधायचं काम. शहर वसवायला जमिनी गेल्या, भराव पडले, खाडीत केमिकलचं पाणी आलं, मासळी गेली, तशा होड्याही गेल्या. साहेबांनी त्याला शोधून आणला, कारण होडीची कड आणि गाडीची कड सारखीच, दोन्हीला सरळ रेघ नसते. तो लाकडावर एक लवचीक पट्टी वाकवून धरायचा, एक डोळा मिटायचा आणि साहेबांच्या कागदाकडे न बघता सांगायचा, "हतं पोट आलाय." म्हणजे इथं कड फुगलीय. साहेब मोजायचे. पोट आलेलं असायचंच.

काम असं चालायचं. मी गाडीचे काप काढायचे, पाव कापतात तसे, पुढून मागेपर्यंत हातभर अंतरावर एकेक, पूर्ण मापात. प्रत्येक काप प्लायवर उतरवायचा, सुतारांनी तो कापायचा, उभा करायचा, मधल्या जागा लाकडानं भरायच्या आणि वरून लांबी, म्हणजे रंगाआधीची पुट्टी, भरून घासायचं. डावी बाजू पुरी व्हायला सव्वा वर्ष गेलं. मग उजवी. आम्ही कुणी आधी गाडी केली नव्हती. त्यामुळे असंच करतात की कसं, हे विचारायची अक्कलही कुणाला नव्हती.

त्या वर्षी दसऱ्याच्या आधी निरोप आला. दसऱ्यानंतर चौथ्या दिवशी शेठ गाडी बघायला येणार, पाचव्या दिवशी परदेशी जाणार. गाडी पसंत पडली तर काम पुढे, आणि शेडमधले सगळे कायम. नाही पडली तर शेडला कुलूप. साहेबांनी हे असंच, चष्मा पुसत सांगितलं. मला ऐकताना दिघ्याच्या गेटवरचं टाळं दिसलं. एका घरात दोन टाळी! मी त्या दिवसापासून जेवणाच्या सुट्टीत जेवले नाही, काम केलं.

उजव्या बाजूचे मागचे पाच काप राहिले होते. लांबी वाळायला दोन दिवस, रंगाला दोन दिवस. उलटं मोजत आलं की ते पाच काप खंडेनवमीलाच काढायला हवे होते. आणि खंडेनवमीला हत्यारं पूजेला बसतात. बसली की दुसऱ्या दिवशीपर्यंत उचलायची नाहीत. मिस्त्रीसाठी हा नियम म्हणजे नियम. साहेबांनी हात जोडले तेव्हा त्यानं एक करवत, एक रंधा आणि एक पटाशी बाजूला काढली, त्यांना नमस्कार करून माफी मागितली आणि हाताखालच्या सुतार पोरांना दिली. बाकी सगळं पाटावर गेलं.

मी सकाळी पोचले तर पाटावर हत्यारांची रांग, झेंडूची फुलं, आणि त्या रांगेत मधोमध माझी पट्टी. मीटरभर लांबीची स्टीलची पट्टी, मी आयटीआयला असताना वडिलांनी घेऊन दिलेली. तिला हळदकुंकू लावलेलं. मी मिस्त्रीकडे बघितलं. तो म्हणाला, "तुजी पट्टी पन हत्यारच हाय, बाय. तिला पन बसू दे."

आता यात एवढं काय, असं तुम्हाला वाटेल. आम्ही बौद्ध. आमच्या घरी हत्यारांची पूजा नाही, देव नाही. आमचा दसरा वेगळा, पांढरे कपडे, वंदना, आणि बाबासाहेबांच्या फोटोला हार. मला त्या हळदकुंकवाचं काही नव्हतं. पण शेडमध्ये मला सगळे 'ट्रेसरबाई' म्हणायचे, आणि ट्रेसर म्हणजे गिरवणारी, हे सगळ्यांना माहीत होतं. आणि माझ्या वडिलांच्या गावात त्यांची वस्तू कुणी आपल्या वस्तूशेजारी ठेवत नव्हतं, हे मला माहीत होतं. या माणसानं न विचारता माझी पट्टी आपल्या रंध्याशेजारी ठेवली होती.  त्या दिवशी मला ती पट्टी उचलणं शक्यच नव्हतं. कुणी मानेवर सुरी ठेवली असती तरी उचलली नसती.

मिस्त्री दुपारी आपल्या घरच्या पूजेला गावी गेला. मी दुसरी पट्टी शोधली. आमच्या आधी त्या शेडमध्ये ओतकामाचे लाकडी साचे बनवायचे, त्यांचं एक गंजकं कपाट कोपऱ्यात होतं. त्यात एक स्टीलची पट्टी मिळाली. कोपरे गंजलेले, पण आकडे साफ. पुसली आणि कामाला लागले. पाचही काप संध्याकाळपर्यंत उतरवले. पोरांनी कापले, बसवले. थोडा उंचवटा येतोय असं त्यातला एक म्हणाला. मी त्याच्यावर खेकसले, "लांबीत जाईल तो! हात चालवा." आणि लांबीत तो खरंच गेला.

दसऱ्यानंतर मिस्त्री आला तेव्हा गाडीवर करडा अस्तर-रंग चढला होता. करड्या रंगात काही कळत नाही. चौथ्या दिवशी सकाळी काळा चकचकीत रंग वाळला आणि शेडमधल्या ट्यूबलाइटच्या रेघा गाडीच्या दोन्ही अंगांवर पडल्या. काय सुंदर दिसत होती! मी बघतच राहिले. एवढ्यात मिस्त्री मागे जाऊन उभा राहिला, एक डोळा मिटला आणि म्हणाला, "उजवा खांदा वर हाय."

खांदा म्हणजे खिडक्यांच्या खालची कड. मी म्हटलं, काहीतरीच काय. आणि मोजलं. जमिनीपासून डावीकडे नव्वद सेंटीमीटर, उजवीकडे नव्वद आणि नऊ मिलीमीटर. पेन्सिलीच्या जाडीहून थोडं जास्त. डाव्या अंगावरची उजेडाची रेघ पुढून मागेपर्यंत सरळ गेली होती, उजवीकडची मागच्या दारापाशी मुरडली होती.  मी धावत जाऊन ती गंजकी पट्टी आणली आणि माझ्या पट्टीला लावली. दोन्हींवर शंभरचा आकडा, पण गंजकी बोटाच्या रुंदीएवढी लांब.

मग मिस्त्रीनं सांगितलं. ओतलेलं लोखंड थंड होताना आटतं, शंभराला एक या हिशेबानं. म्हणून साचेवाल्यांची पट्टी मुळातच तेवढी ताणलेली असते, आकडे तेच, लांबी जास्त. ती फक्त ओतकामाची पट्टी. मी तिच्यानं गाडीचा खांदा मोजला होता. माझी चूक, सगळी माझी, दुसऱ्या कुणाची नाही.

शेठ यायला दोन तास होते. रंध्यानं उतरवायचं म्हटलं तर लांबी, रंग सगळं पुन्हा. मी मिस्त्रीला म्हटलं, "गाडी फिरवू. उजवी बाजू भिंतीकडे." गाडी चाकांच्या फळीवर होती, फिरवता येत होती.

तो माझ्याकडे बघतच राहिला. "होरी काय भितीला लावून इकतान?" होडी गिऱ्हाईक चारी अंगांनी बघूनच घेतं, भिंतीला टेकवलेली नाही.

"मिस्त्री, तुमच्या पाया पडते. माझ्या घरात एकच पगार आहे."

मी खरंच खाली वाकले. त्यानं मला धरून उभं केलं आणि फळीला हात लावला. आम्ही दोघांनी ती गाडी भिंतीकडे सरकवली. साहेब आले तर त्यांना मी सांगितलं, खिडकीचा उजेड इकडून चांगला पडतो. साहेब गालिचा झटकत होते, ते हो म्हणाले.

शेठ आले. पांढरा सफारी, अंगाला अत्तर. मागच्या डाव्या दारानं आत शिरले, त्या दोन इंच खाली आणलेल्या उंबरठ्यावरून, आणि पाय लांब केले. पायच पाय! चेहऱ्यावर पोरासारखा आनंद. "वाह," म्हणाले, "ये हुई ना बात." मला वाटलं, सुटलो. मी मनात थोरल्याला संत्री आणायचं ठरवलंसुद्धा. शेठ उतरले, दार दोनदा उघडून लावलं, आणि मग आपल्या सवयीनं, ट्रकची बॉडी बघायला जातात तसे, सरळ गाडीच्या मागे जाऊन उभे राहिले. आयुष्यभर बॉड्या बांधलेला माणूस तो. मी त्याला नुसता सफारीवाला समजत होते.

"ये कंधा ऊपर क्यूं है?"

 वर पंखा फिरत होता.

"किसने किया?"

माझं तोंड उघडलं होतं. हे मी शपथेवर सांगते, उघडलं होतं. पण डोळ्यासमोर काय आलं तर नवऱ्याचा तो इस्त्रीचा शर्ट. मी एक श्वास घेतला. तेवढ्यात शेजारून आवाज आला, "मी केला. माप माजा चुकला." साहेबांनी ते शेठना हिंदीत सांगितलं. सांगताना ते माझ्याकडे बघत नव्हते.

शेठनं मिस्त्रीकडे नीट बघितलंही नाही. साहेबांना म्हणाले, "गाडी अच्छी है. बनाओ. लेकिन ये आदमी कल से नहीं चाहिए."

झालं. गाडी पास. दोन मिनिटं लागली असतील. शेठ गेले, पोरांनी पेढे आणले. मिस्त्रीनं आपली हत्यारं एका धोतराच्या तुकड्यात बांधली आणि तो निघाला. मी गेटपर्यंतही गेले नाही. मला लाज वाटत होती. आणि खरं सांगायचं तर लाज नंतर वाटली. आधी वाटलं, वाचलो. हे मी स्वतःला कधी माफ केलेलं नाही. त्याच महिन्यात मी कायम झाले, आणि नवऱ्यानं सोसायटीच्या फ्लॅटची भाषा सुरू केली.

माझी पट्टी मात्र सापडेना. बहुतेक मिस्त्रीच्या गाठोड्यात गेली असावी, म्हणून मी नवी आणली.

महिन्या-दीड महिन्यानं साहेबांनी मला बोलावलं. पत्रा दाबून आकार द्यायचे साचे बनवणाऱ्या कंपनीला नकाशे पाठवायचे होते. म्हणाले, "फक्त डावी बाजू ट्रेस करा."

"आणि उजवी?"

"उजवी म्हणजे डावीच उलटी केलेली. सगळीकडे असंच करतात. उजवी बाजू आपल्याला लागतच नाही."

"मग आपण ती बनवली कशाला?"

"शेठना दाखवायला. शेठना काय अर्धी गाडी दाखवायची?"

 मग माझा आवाज चढला. सगळी शेड ऐकत होती, मला पर्वा नव्हती. "म्हणजे तो खांदा वर असला काय, खाली असला काय, काही फरक नव्हता? तुम्हाला माहीत होतं? मग तेव्हा बोलला का नाहीत?"

साहेबांनी चष्मा काढला, पुसला. "शेठसमोर कोण बोलणार, बाई? चिडले होते ते. मला वाटलं, एका सुतारावर भागतंय, भागू दे." मग हळूच म्हणाले, "तुम्ही तरी कुठे बोललात?"

 पुढच्या आठवड्यात जागा हवी म्हणून पोरांनी उजवी बाजू करवतीनं कापली. सागाच्या तुकड्यांची नकाशे ठेवायला मांडणी केली. ती मांडणी माझ्याच टेबलामागे होती. शेड बंद होईपर्यंत मी पाठ करून बसायचे.

मिस्त्रीकडे जायला मला वर्ष लागलं. वर्षभर रोज ठरवायचे आणि रोज काहीतरी निघायचं. शेवटी पुढच्या खंडेनवमीला सुट्टी टाकली आणि गेले. गावठाणातलं कौलारू घर, मागे खाडीचा काळा चिखल, त्यात एक होडी पालथी घातलेली. मिस्त्री ओटीवर बसला होता. खंगला होता. सुतारकाम मिळत नव्हतं त्याला. सून म्हणाली, एका बिल्डिंगवर वॉचमन म्हणून लागलेत.

मला बघून तो उठला. "अरे, बाय! ये, ये. बस." जणू काल भेटलो होतो.

आत पाटावर हत्यारं मांडली होती. झेंडूची फुलं, हळदकुंकू. त्याच्या रंध्याशेजारी माझी पट्टी.

मी रडायला लागले. रडत रडतच सांगितलं सगळं, ती चूक माझी होती, मी बोलायला हवं होतं, माझ्यामुळे तुमचं काम गेलं. तो ऐकत होता. मग म्हणाला, "मना ठाव हाय ना. पन तुजी पट्टी पाटावर कोनी ठेवली व्हती? मीच ठेवली. तू उचलली नायस, त्यो तुजा मान. मंग चूक कोनाची?" त्याला ते खरंच तसं वाटत होतं. मला बरं वाटावं म्हणून तो बोलत नव्हता, आणि तेच मला सहन होत नव्हतं.

सुनेनं चहा आणला.  चहा पिता पिता त्यानं विचारलं, "गारीचा काय जाला?"

"चाललंय काम."

"उजवी बाजू नीट केली ना? मागच्या दारापासून रंधा मारत न्यायला पायजे. मी असतो तर आठ दिसांत उतरवली असती." त्यानं हवेतच हात फिरवून दाखवला, एक डोळा मिटून. "वरसभर डोक्यात त्योच खांदा हाय माज्या. झोपतानासुदीक."

मी चहाचा कप खाली ठेवला. उजवी बाजू लागणारच नव्हती, मिस्त्री. ती शेठला दाखवायची होती. तिची आम्ही मांडणी केली. तोंडात आलेलं सगळं मी गिळलं.

"नीट झाली," मी म्हटलं. "तुम्ही सांगता तशीच. रेघ सरळ आली."

"मंग बरा जाला," तो म्हणाला, आणि पहिल्यांदाच मागे टेकून बसला.

निघताना त्यानं पाटाकडे बोट दाखवलं. "तुजी पट्टी चुकून माज्याकरं आली. आज उचलता येनार नाय. उद्या ये आनि घेऊन जा."

मी हो म्हटलं. दुसऱ्या दिवशी गेले नाही. नंतरही नाही.